डबा कुणी हलवला?

एक माणूस एका खोलीत येतो. फळीवरचा डबा उचलतो, दुसऱ्या फळीवर ठेवतो आणि आला तसा निघून जातो. एवढंच. पण त्या डब्याची जागा बदलल्यामुळे एक साखळी सुरू होते, एकातून दुसरं घडत जातं, आणि पुढच्या काळात जिथे अवकाशयानांचा देखणा तळ उभा होता तिथे गंजलेला पसारा उरतो. त्या तळावर जगलेल्या माणसांना आपलं काही गेलं असं वाटतही नाही. त्यांच्या लेखी तसा तळ तिथे कधी नव्हताच.

आयझॅक आसिमोव्हच्या ‘द एंड ऑफ इटर्निटी’ या १९५५ सालच्या कादंबरीतला हा माणूस, अँड्र्यू हार्लन. तो ज्या संघटनेत चाकरी करतो तिचं नाव इटर्निटी. काळाच्या बाहेर वसलेली, सत्ताविसाव्या शतकात स्थापन झालेली आणि तिथून पुढच्या हजारो शतकांवर नजर ठेवून असलेली. त्या त्या शतकातल्या लोकांना एवढंच ठाऊक असतं, की ही मंडळी एका शतकाचा माल दुसऱ्या शतकाला पोचवतात. खरं काम निराळंच. कुठे युद्ध होणार, कुठे समाज व्यसनांनी पोखरणार, याचं गणित मांडायचं, कमीत कमी हात लावून जास्तीत जास्त भलं कसं साधेल ते काढायचं आणि वास्तव बदलून टाकायचं. एकदा हार्लन एका गाडीत बिघाड करून ठेवतो. त्यामुळे एका तरुणाचं यंत्रशास्त्रावरचं एक व्याख्यान हुकतं, तो त्या विषयाकडे वळतच नाही, एक साधं उपकरण दहा वर्षं उशिरा बनतं आणि पुढच्या शतकातलं एक युद्ध होत नाही. लाखो जीव वाचले. त्यांतल्या एकालाही ते कळलं नाही.

हीच कल्पना २०२१मध्ये ‘लोकी’ या मालिकेतून घराघरांत पोचली. तिथल्या काळावर पहारा ठेवणाऱ्या खात्याचं नाव टाइम व्हेरिअन्स अथॉरिटी, टीव्हीए. मार्व्हलच्या कॉमिक्समध्ये ते १९८६पासून आहे, पण आपल्याकडच्या बहुतेकांची ओळख मालिकेतलीच. मी ती माझ्या भाच्याबरोबर पाहिली. तपकिरी भिंती, जुन्या धाटणीचे संगणक, टोकन घेऊन उभं राहायची रांग. पकडून आणलेल्या नायकासमोर, लोकीसमोर, कागदांची एक थप्पी आणून ठेवतात. आजवर तू जे जे बोललास ते सगळं यात आहे, सही कर. रांगेतला एक जण टोकन घेत नाही, त्याला तिथल्या तिथे नाहीसं करतात. खात्याचं ब्रीद असं, की ‘पवित्र कालरेषा’ एकच आहे आणि तिच्यावरून जो ढळला त्याची छाटणी व्हायलाच हवी. भाचा म्हणाला, “मामा, हे बरोबरच आहे ना? नाहीतर सगळा गोंधळ होईल.” तो पंधरा वर्षांचा आहे आणि त्याने मनापासून विचारलं होतं. त्याला तेव्हा नीट उत्तर देता आलं नाही, म्हणून हे लिहितोय.

भाच्यासारखं वाटणारी मोठी माणसंही मला खूप भेटतात. कुणीतरी वर बसलेलं असावं, त्याला सगळं दिसत असावं, आणि आपण झोपेत असताना त्याने आपल्या वाटेतले काटे काढून टाकावेत. मलाही हे वाटलेलं आहे. घरात आजारपण असतं, पाऊस लांबलेला असतो, तेव्हा असा विचार फार धीर देतो. पण आपल्या परंपरेत अशा जागी ज्याला बसवलंय त्याच्याकडे जरा पाहा. चित्रगुप्त प्रत्येकाच्या कर्माचा हिशेब ठेवतो, राईरत्तीचा ठेवतो, पण वहीतलं पान फाडायचा अधिकार त्याला नाही. तुम्ही जे केलं नाहीत ते तुमच्या नावावर चढवायचा नाही आणि जे केलंत ते पुसायचाही नाही. इटर्निटी आणि टीव्हीए यांनी लिहिणाऱ्याच्या हातात खोडरबर दिलं, आणि ते वापरताना कुणाला विचारायचं बंधन ठेवलं नाही.

माझं म्हणणं असं आहे. अनेक वाटांतून एक वाट निवडावी लागते, त्याला इलाज नाही. गावाला एकच रस्ता होतो, देशाला एकच अर्थसंकल्प असतो. निवडणारे कुणीतरी असणार आणि त्यांच्याकडे आपल्यापेक्षा जास्त माहिती असणार. पण निवड झाली हे, आणि काय टाकून दिलं हे, ज्यांचं आयुष्य त्यात गुंतलंय त्यांना कळलंच पाहिजे. ते कळू न देणारा कितीही सज्जन असो, त्याला रखवालदार म्हणायला मी तयार नाही.

दुसरी बाजू कमजोर करून मांडण्यात अर्थ नाही, कारण ती कमजोर नाहीच. ‘लोकी’च्या पहिल्या पर्वाच्या शेवटी या सगळ्यामागचा माणूस भेटतो, ‘ही हू रिमेन्स’, म्हणजे शेवटी उरलेला तो. तो म्हणतो, अनेक कालरेषा होत्या तेव्हा माझीच अनेक रूपं एकमेकांशी लढली आणि त्यात सगळंच नष्ट व्हायची वेळ आली. मी ते थांबवलं. मला मारलंत तर माझ्याहून वाईट रूपं येतील. त्याला मारल्यावर पुढच्या पर्वात जे होतं ते पाहता, तो सरसकट थापा मारत नव्हता. कालरेषेला फुटलेल्या फांद्यांचा भार खरोखरच पेलवेनासा होतो. तेव्हा ‘गुप्त संघटना म्हणजे दुष्ट संघटना’ एवढं म्हणून सुटता येत नाही. इटर्निटीतली माणसं तर दुष्ट नाहीतच. ती रात्रंदिवस आकडेमोड करतात, दुःख कमी व्हावं म्हणून.

मग बिनसतं कुठे? एक गोष्ट दोन्ही कथांत सारखी आहे. लोकांना ताकास तूर लागू द्यायची नाही, एवढ्यावर गुप्तता थांबत नाही. ती आत झिरपत जाते. टीव्हीएतल्या कर्मचाऱ्यांना सांगितलेलं असतं, की तीन काळरक्षकांनी तुम्हाला निर्माण केलं. ते रक्षक निघतात नुसती यंत्रं. आणि हे कर्मचारी स्वतःच कुठल्या ना कुठल्या कालरेषेवरून उचलून आणलेली, आठवणी पुसलेली माणसं असतात. कुणाला घर होतं, कुणाला पोरंबाळं होती. ज्यांच्या हातून इतरांची आयुष्यं छाटली गेली त्यांचीही आधीच छाटून झाली होती. सिल्वीला, म्हणजे लोकीच्याच दुसऱ्या कालरेषेवरच्या स्त्री-रूपाला, तर खेळण्यांशी खेळत असताना, लहानपणीच उचलून नेलेलं. मोठेपणी ती ज्या अधिकारी बाईने हे केलं तिलाच विचारते, माझा अपराध काय होता? बाई म्हणते, मला आठवत नाही. अख्ख्या मालिकेत माझ्या लक्षात राहिलेलं वाक्य हेच. एका जिवाचं सगळं आयुष्य हिरावून घेतलं आणि त्याचं कारण नोंदवून ठेवण्याइतकंही कुणाला ते महत्त्वाचं वाटलं नाही. ज्याला कुणी कारण विचारणारच नाही, त्याला पुढे पुढे कारण लागतही नाही.

इटर्निटीत याचं दुसरं रूप दिसतं. बदल मोठमोठे अभ्यासक सुचवतात, समिती मंजूर करते, पण प्रत्यक्ष डबा हलवतो तो हार्लनसारखा तंत्रज्ञ. आणि बाकीचे सगळे या तंत्रज्ञांपासून अंग चोरून वागतात. जेवायला शेजारी बसत नाहीत, वाटेत भेटला तर नजर वळवतात. पापाचा धनी तो एकटा. आपल्या समाजात हे किती ओळखीचं आहे हे मी वेगळं सांगायला नको. नको असलेलं काम कुणाकडून तरी करवून घ्यायचं आणि मग त्यालाच उंबऱ्याबाहेर ठेवायचं.

पण आसिमोव्हचा खरा घाव याहून खोल आहे. इटर्निटीचा प्रत्येक बदल तेवढ्यापुरता योग्यच असतो. युद्ध टळतं, हाल कमी होतात. त्यात एक गोष्ट मात्र दर वेळी मारली जाते, ती म्हणजे अवकाशप्रवास. तो खर्चिक, धोक्याचा, निराशा पदरात टाकणारा. दुःख कमी करायच्या कुठल्याही हिशेबात तो आधी कापला जाणार. एकदा कापला, दहादा कापला, हजारदा कापला. शेवटी फार दूरच्या भविष्यातून आलेली त्याची प्रेयसी नॉयस हार्लनला सांगते, की माणूस अखेर ताऱ्यांकडे निघाला तेव्हा फार उशीर झाला होता, दुसऱ्या जीवांनी सगळ्या जागा आधीच व्यापल्या होत्या. मग माणसाची उमेद गेली, आणि हळूहळू माणूसच गेला. कुणी एकाने चूक केली नव्हती. सगळे जपून वागले होते. आणि त्या जपण्याची बेरीज अशी झाली.

ही चूक इटर्निटीला आतून दिसू शकत नव्हती. आत बसलेल्यांकडे एकच तराजू होता आणि ज्यांचं नुकसान झालं त्यांना तोंड नव्हतं, कारण आपलं काय गेलं हे त्यांना ठाऊकच नव्हतं. अवकाशयान कधी पाहिलंच नाही तो ‘आमचं यान परत द्या’ असं म्हणणार कसा? बाहेरून कुणीतरी यावं लागलं. म्हणून मी म्हणतो, की लोकांना कळणं ही रखवालदाराने मोठ्या मनाने दिलेली सवलत नसते. त्याचंच काम नीट होण्याची ती अट आहे. ज्याचं जळतं त्याला कळतं हे खरं, पण आपलं काही जळतंय हे कळायला धूर तरी दिसायला हवा.

आता गावाकडची गोष्ट सांगतो, कारण हा विषय माझ्या डोक्यात काळयंत्रामुळे घुसलेला नाही.

आमच्या गावाबाहेरून एक रस्ता जायचा होता. कुठून जाणार याची पाच-सहा वर्षं नुसती चर्चा. एके दिवशी सकाळी माणसं आली, बांधावर चुन्याची फक्की ओढली आणि दगड रोवून गेली. फक्की आमच्या चुलत्यांच्या विहिरीवरून गेली. काका तेव्हा सत्तरीचे. ते काही बोलले नाहीत, नुसते त्या पांढऱ्या रेघेच्या कडेने चालत गेले, या टोकापासून त्या टोकापर्यंत, आणि परत आले. पुढे मोबदला मिळाला, नियमाप्रमाणे मिळाला, त्याबद्दल तक्रार नाही. रस्ताही झाला आणि तो गावाला उपयोगी पडतो, रात्री-अपरात्री बाळंतिणीला दवाखान्यात न्यायला पूर्वी लागायचा त्याच्या निम्मा वेळ लागतो. मला तो रस्ता नको होता असं नाही.

पण मोजणीला आलेल्यांपैकी एक जण चहा पिताना सहज बोलून गेला होता, की आखणी दोन झाल्या होत्या. दुसरी ओढ्याच्या पलीकडून, पडीक जमिनीतून जात होती. ती का सोडली? पूल लागला असता म्हणून? खर्च वाढला असता म्हणून? की आणखी कशासाठी? तिथे खडक लागला असेल, तेही शक्य आहे. काकांना एवढंच हवं होतं. त्यांना विहीर परत नको होती, ती बुजली होती. ते म्हणायचे, “दुसरी रेघ मला एकदा बघायची आहे.” मी दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून माहिती अधिकारात अर्ज दिला. उत्तर आलं, की मंजूर आखणीचा नकाशा सोबत जोडला आहे, अन्य आखणीबाबतचा अभिलेख आढळून येत नाही.

मंजूर झालेला तेवढाच कागद जपायचा आणि नामंजूर झालेला असा होताच याची खूणही राहू द्यायची नाही. कुणी मुद्दाम केलं असं मी म्हणत नाही. कपाट भरलं असेल, बदली झाली असेल, कुणीतरी आवरताना टाकलं असेल. परिणाम एकच. नकाशावर आता एकच रेघ आहे आणि ती जणू सृष्टीच्या आरंभापासून तिथेच होती. कपाट आवरणारे ते हात कुणाचे, कुणाला माहीत नाही. डबाच हलवला त्यांनी.

‘काय होऊ शकलं असतं’ हा रिकामटेकड्यांचा उद्योग आहे असं समजणाऱ्यांना जयंत नारळीकरांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ ही कथा आठवत असेल. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत एका निराळ्याच जगात जाऊन पोचतात. तिथे १४ जानेवारी १७६१ला पानिपतावर विश्वासरावांना लागलेली गोळी कानाजवळून निघून जाते आणि मराठे जिंकतात. पंत तिथे काय करतात? ग्रंथालय गाठतात. बखर काढून ते पान शोधतात. आणि परत येतात तेव्हा खिशात त्या पानाचा फाटका तुकडा असतो, त्यावरूनच ऐकणाऱ्याला त्यांचं म्हणणं गांभीर्याने घ्यावं लागतं. वैज्ञानिक असलेल्या लेखकाने सगळा भार एका कागदावर टाकला, हे मला फार मोलाचं वाटतं. दुसरी वाट होती की नव्हती याचा वाद कागदावरच सुटतो.

मराठी माणसाला हे कळायला विज्ञानकथाही लागू नये. वि. का. राजवाडे गावोगाव फिरून जुनी दप्तरं धुंडाळत होते आणि १८९८ साली त्यांनी ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड काढला तो पानिपतापर्यंतच्या दशकातल्या पत्रांचा. तोवर पानिपताबद्दल आपल्याकडे बखरी होत्या आणि इंग्रजांनी लिहिलेले ग्रंथ होते. पत्रं हाती आल्यावर कळायला लागलं, की भाऊसाहेबांपुढे त्या त्या दिवशी कोणकोणत्या वाटा होत्या, रसद कुठे अडली होती, कुणाकुणाला मदतीसाठी लिहिलं गेलं. पराभव तोच राहिला, पण तो विधिलिखित होता हे म्हणणं अवघड झालं. तिकडे खुद्द पेशव्यांचं दप्तर पुण्यातल्या एलिएनेशन ऑफिसात, म्हणजे इनामांच्या कचेरीत, सरकारच्या ताब्यात होतं आणि संशोधकांना तिथे मोकळा प्रवेश नव्हता. राजवाडे १९२६च्या अखेरीस गेले. त्या दप्तरातले निवडक कागद गो. स. सरदेसायांच्या संपादनाखाली ४५ खंडांत छापून आले ते १९३० ते १९३४ या काळात. एका पिढीने आपलाच इतिहास बंद दारापुढे उभं राहून लिहिला. त्या दारामागे बसलेल्यांनाही वाटत असणार, की आपण हे सगळं सुरक्षित ठेवतोय. आणि ठेवलंही होतं, कागद शाबूत राहिले. इटर्निटीत आणि त्यांच्यात फरक इतकाच, पण फार मोठा, की त्यांनी ते जाळले नाहीत, म्हणून उशिरा का होईना, दार उघडता आलं.

गुप्ततेच्या बाजूने नेहमी सांगतात, की लोकांना सगळं सांगत बसलं तर कामच होणार नाही, प्रत्येक जण हरकत घेईल. घेतीलच. मुंबईने काळाच्याच बाबतीत पन्नास वर्षं हरकत घेतली होती. १ जानेवारी १९०६पासून भारतीय प्रमाणवेळ सुरू झाली, ती मुंबईच्या स्थानिक वेळेपेक्षा ३९ मिनिटं पुढे होती. आपल्या डोक्यावर सूर्य येतो ती वेळ सोडून सरकारने सांगितलेली वेळ का मानायची, म्हणून शहर खवळलं. गिरणी कामगारांनी विरोध केला. महापालिकेने ‘बॉम्बे टाइम’च चालू ठेवला. आगगाडीची वेळ एक आणि शहराच्या घड्याळाची दुसरी, असा कारभार थेट १९५५पर्यंत चालला. गैरसोय झालीच असणार, गाड्याही चुकल्या असतील. म्हणून काही देश बुडाला नाही. शेवटी मुंबईकर एका वेळेवर आले, पण आपण काय सोडतोय हे पुरतं माहीत असताना आले. वेळ रातोरात बदलून सगळ्यांच्या डोक्यातून जुनी पुसून टाकायची सोय त्या सरकारकडे असती तर? मुंबईची वेगळी वेळ कधीकाळी होती हेसुद्धा आज आपल्याला ठाऊक नसतं.

आणि जगाचा खराखुरा काळ सांभाळणाऱ्यांकडे पाहा. पॅरिसजवळ सेव्र इथे वजनमापांची आंतरराष्ट्रीय संस्था आहे. जगभरातल्या ऐंशीहून अधिक प्रयोगशाळांतली शेकडो आण्विक घड्याळं मिळून तिथे जगाची वेळ ठरते. आपली दिल्लीतली राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळा त्यातलीच एक. कुठल्या प्रयोगशाळेची वेळ किती चुकली याचं पत्रक ही संस्था दर महिन्याला जाहीर करते. हिशेब अब्जांश सेकंदांचा, तरीही जाहीर. पृथ्वीच्या फिरण्याशी मेळ बसवायला १९७२पासून २७ वेळा एक सेकंद वाढवला गेला. शेवटचा वाढवला तेव्हा आपल्याकडे १ जानेवारी २०१७ची पहाट होती, पाच एकोणतीसच्या मिनिटात एकसष्टावा सेकंद मोजला आणि मग साडेपाच वाजले. त्या एका सेकंदाची सूचना जवळपास सहा महिने आधी निघाली होती. पुढे ही पद्धत बदलायची तर नोव्हेंबर २०२२मध्ये सदस्य देशांच्या परिषदेत ठराव झाला, २०३५ ही मुदत ठरली. एका सेकंदासाठी एवढं. काळाची एकच रेषा सांभाळायला पडद्याआड बसावं लागतं, हे कथाकारांनी गृहीत धरलंय. प्रत्यक्षात ज्यांनी ती सांभाळली त्यांना तशी गरज पडली नाही. उलट चुका उघड मांडतात म्हणूनच सगळं जग त्यांचं घड्याळ मानतं.

काही गोष्टी काही काळ झाकाव्या लागतात हे मला मान्य आहे. सैन्य कुठे आहे ते ओरडून सांगायचं नसतं, निविदा उघडेपर्यंत आकडा फुटता कामा नये. पण झाकलेल्याला तारीख हवी. आपल्या कायद्याने ती घातली आहे. महाराष्ट्राने २००२ साली माहिती अधिकाराचा स्वतःचा कायदा केला, देशाचा कायदा १२ ऑक्टोबर २००५ला लागू झाला. त्याच्या कलम ४मध्ये लिहिलंय, की महत्त्वाची धोरणं ठरवताना सगळी संबंधित तथ्यं प्रसिद्ध करायची आणि प्रशासकीय निर्णयांची कारणं ज्यांच्यावर परिणाम होतो त्यांना द्यायची. मागायची वाट न बघता द्यायची. कलम ८मध्ये अपवाद आहेत, पण तिथेच असंही आहे, की २० वर्षांपूर्वीच्या घटनेची माहिती, मोजके अपवाद वगळता, रोखता येणार नाही. मंत्रिमंडळाच्या कागदांनाही निर्णय पूर्ण झाल्यावर कारणांसकट उघडं करायची तरतूद आहे. हा कायदा लिहिणाऱ्यांना इटर्निटीचा रोग नेमका कळला होता असं मला तो वाचताना वाटतं.

आणि म्हणूनच २०२३च्या डिजिटल वैयक्तिक विदा (म्हणजे डेटा) संरक्षण कायद्याने याच कलम ८मधल्या वैयक्तिक माहिती नाकारायच्या पोटकलमातल्या अटी काढून ती सूट सरसकट केली, तेव्हा मला वाईट वाटलं. खासगीपण जपायलाच हवं, माझं आणि तुमचंही. पण ज्या निवडीने चार गावांचं आयुष्य बदलतं ती करणाऱ्याचं नावही ‘वैयक्तिक’ म्हणून झाकलं जाऊ शकत असेल, तर कुंपणाने शेत खाल्लं तरी दाद कुणाकडे मागायची? या बदलावर जितकी चर्चा व्हायला हवी होती तितकी झाली नाही. मालिकेतल्या कालरेषेवर आमच्या घरात दोन आठवडे वाद चालला. या पोटकलमावर मी स्वतः तोंड उघडलं ते फार उशिरा.

भाच्याला आता उत्तर द्यायचं तर असं देईन. गोंधळ होईल हे तुझं खरं आहे. लोकीला दुसऱ्या पर्वाच्या शेवटी स्वतः जाऊन बसावं लागतं, सगळ्या फांद्या हातात धरून, झाडासारख्या. त्याने छाटायचं सोडलं तरी धरायचं सोडलं नाही. धरणारा कुणीतरी लागतोच. पण सिल्वीने विचारलं तेव्हा तिला उत्तर मिळायला हवं होतं. लहान मुलगी होती ती. तुझ्याच वयाची झाल्यावर तरी कुणीतरी तिला समोर बसवून सांगायला हवं होतं, की हे असं होतं, आम्हाला असं वाटलं, म्हणून आम्ही तुझ्याशी असं वागलो.

काका मागच्या वर्षी गेले. पहिल्या अपिलात ‘अभिलेख आढळून येत नाही’ हेच उत्तर पुन्हा आलं, म्हणून दुसरं अपील केलंय, तारीख लागायची आहे. दरम्यान मोजणीवाल्याचं ते बोलणं आठवून मी आणि भाचा ओढ्याच्या पलीकडे जाऊन आलो. पडीक जमीन अजून तशीच आहे, मधे एका ठिकाणी करवंदीच्या जाळीत एक दगड सापडला, त्यावर तांबड्या रंगाचा फराटा होता. आखणीचा असेल, नसेलही. भाच्याने त्याचा फोटो काढला, तारीख घातली, आणि अपिलाच्या कागदांना जोडण्यासाठी छापून आणला.